खाजणातला प्लॉट: नवशिक्यांसाठी

जागा बघायला अष्टमीला जावं, दुपारी बाराला. उरण-पनवेलकडच्या कोळ्यांचा हिशोब सोपा आहे: तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते. अष्टमीची भरती सहाला, म्हणजे बाराला ओहोटी, शिवाय भरतीही भांगाची, बांधापर्यंत न पोचणारी. एजंट तुम्हाला बरोबर याच मुहूर्तावर बोलावील. पुढे भेगाळलेली कोरडी जमीन, मागे डोंगर, आणि चार कोपऱ्यांत चुना फासलेले चार दगड. फोटो काढून घ्या. हे दृश्य रोज मिळत नाही.

आमच्या सौभाग्यवती पौर्णिमेला आल्या, ही आमची चूक. उधाण होतं. त्या चपला हातात घेऊन उभ्या राहिल्या आणि वायव्येच्या दगडावर एक निवटी बसून आमच्याकडे बघत होती. जागेचा प्रत्यक्ष ताबा म्हणतात तो तिच्याकडे होता.

आता कागद. सात-बारा मागवा आणि गाव नमुना बारा सावकाश वाचा. पिकाचा रकाना आहे, 'जलसिंचनाचे साधन' हाही आहे. आमच्या उताऱ्यावर तो कोरा होता. जमीन महिन्यातून दोनदा गुडघाभर पाण्यात जाते, पण महसूल खात्याच्या लेखी कोरडवाहू. भरतीला रकानाच नाही. थोडं क्षेत्र पोटखराब्यात दिसलं तर हरखून जाऊ नका, तेवढंच खरं लिहिलेलं असतं.

शेतजमीन घ्यायला तुम्ही शेतकरी असावं लागतं. नसाल तर हा लेख इथेच सोडा.

मग दुय्यम निबंधक. खरेदीखतावर सह्या झाल्या की चार महिन्यांच्या आत ते नोंदणीला हजर करायचं, असं 1908 चा नोंदणी कायदा सांगतो. अंगठा, फोटो, मुद्रांक, साक्षीदार. टेबलापलीकडचा माणूस आधार कार्ड तपासतो, प्लॉट ओला की सुका हे विचारत नाही, ते त्याचं कामही नाही. तिथे दस्त नोंदवला जातो. विकणाऱ्याचा मालकी हक्क तपासून त्याची हमी कुणी देत नाही, हे नवशिक्याला सूची क्रमांक दोन हातात पडल्यावर कळतं.

फेरफाराची नोंद धरली की हितसंबंधितांना नोटिसा जातात. हरकतीला पंधरा दिवस. निवटीचं कुठल्याच खात्यावर नाव नसल्यामुळे मंडळ अधिकाऱ्यांनी नोंद विनासायास प्रमाणित केली.

इथे एखादा पर्यावरणवाला पुतण्या 2017 चे पाणथळ नियम घेऊन येईल. भराव नाही, कचरा नाही, गेल्या दहा वर्षांतल्या सरासरी पूररेषेपासून 50 मीटरांत पक्कं बांधकाम नाही. घाबरू नका, त्याला व्याख्या वाचायला लावा. नदीचं पात्र पाणथळ नाही. भातखाचर नाही. मिठागर नाही. सिंचनासाठी बांधलेला तलाव नाही. (राज्यातलं पहिलं रामसर स्थळ नांदूरमधमेश्वर, 2020 मध्ये जाहीर झालेलं, ते गोदावरी-कादवा संगमाजवळच्या सिंचनाच्या बंधाऱ्यामागेच साचलं. रामसरच्या यादीत गेल्यामुळे वाचलं म्हणायचं.) तुमच्या जागेचा कागद भातशेतीचा, तेव्हा तुम्ही सुटलात. शिवाय सागरी किनारा नियमन क्षेत्रातल्या जागांना हे नियम लागूच नाहीत.

तिथे दुसरे लागू आहेत, हे पुतण्याने जाता जाता सांगितलं.

म्हणून शेवटची सूचना: बांध फुटू देऊ नका. आमच्या शेजारच्याने उघाडीची फळी दुरुस्त केली नाही. खारं पाणी राहायला आलं आणि पाण्याबरोबर तिवराच्या बिया. दोन पावसाळ्यांत आग्नेयेच्या दगडाला पालवी फुटल्यासारखं दिसायला लागलं. 2018 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने स्पष्ट केलंय की खारफुटी तोडायची नाही, तिच्याभोवती 50 मीटर मोकळे सोडायचे, जमीन कुणाच्याही मालकीची असो. आमचा प्लॉट सगळा मिळून तीस मीटर लांब आहे.

सात-बारा मात्र स्वच्छ. एकही बोजा नाही, इतर हक्कात कुणी नाही, सारा वेळेवर भरलेला. पीक: भात.

येत्या मंगळवारी अष्टमी आहे. जागा बघायची असेल तर बाराला या, आणि आग्नेयेच्या कोपऱ्याकडे पाठ करून उभे राहा, डोंगर तिथून छान दिसतो.