चौपट दृष्टी

१८२५ साली खानदेशात भिल्ल पलटण उभारणाऱ्या आउट्रमसाहेबाने वाघ मारले, ते दुर्बिणीवाचून. रावेरकडील आमचे बागाईतदार स्नेही मात्र चौपट दाखविणाऱ्या, वर्धन कधीही न बदलणाऱ्या आणि जिच्यातील अधिकचिन्ह तांबडे उजळते अशा बंदुकीच्या दुर्बिणीची परीक्षा मोठ्या गांभीर्याने करीत असतात. तिन्हीसांजेला काळी रेघ काळ्या सावजावर लोपते म्हणून हा प्रकाश, आणि तो वाढविला की सावजच लोपते, हा सिद्धांत त्यांनी सप्रयोग सिद्ध केला आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकारीचा शौक संपला आणि परवान्याची बंदूक निवडणुकीपायी ठाण्यात जमा आहे; सबब तूर्त दुर्बिणीतून शेजाऱ्याच्या केळीचे घड मोजले जातात. अभिप्राय एवढाच: घड चौपट दिसतात, भाव मात्र आहे तोच.