दत्तक बाळाचा जन्मदाखला : नवशिक्यांसाठी सोपी पद्धत

सर्वप्रथम अभिनंदन. बाळ घरी आलं, बारसं झालं, पेढे वाटून झाले. आता सरकारदरबारी त्याचे आईबाबा व्हायचं तेवढं राहिलं. साहित्य : दत्तकाचा आदेश, त्याच्या साक्षांकित प्रती, दोघांचं आधार, बाळाचा जुना दाखला असल्यास तो, आणि रजा. रजा सढळ हाताने घ्यावी.

आधी कचेरी नीट निवडा. जन्माची नोंद जिथे झाली तिथलाच निबंधक तिला हात लावू शकतो. बाळ लातूरला जन्मलं आणि तुम्ही ठाण्यात राहता? लातूरची गाडी पकडा. संस्थेतून बाळ आलं असेल, तर दाखल्यासाठी अर्ज करणं हे नियमाने संस्थेचंच काम आहे. आठवण करून द्यायला लाजू नका. नियमातली मुदत दिवसांत मोजलेली आहे. खिडकीवर तो आकडा मोठ्याने उच्चारू नये.

खिडकीवर पहिला प्रश्न येईल, "दुरुस्ती कसली, स्पेलिंगची का?" तिथल्या चुका ठरलेल्या असतात : काना-मात्रा, आडनाव, तारीख. आईवडीलच वेगळे, हा प्रकार त्यांच्या छापील अर्जात बसत नाही. "दत्तक" एवढंच म्हणा, आणि हळू म्हणा. मागे रांग आहे. "का हो ताई, मूल होत नव्हतं का?" हा रकाना कुठल्याही नमुन्यात नाही, तेव्हा उत्तर देण्याची सक्ती नाही. साहेबांना कागद दाखवायचा, कहाणी नाही. कहाणी बाळाची आहे, ती कुणाला सांगायची ते पुढे तेच ठरवेल.

मग फर्मान सुटतं, "कोर्टाची ऑर्डर आणा." संस्थेमार्फतच्या दत्तकाचा आदेश १ सप्टेंबर २०२२पासून जिल्हाधिकारी देतात, आणि तो तुम्ही आताच त्यांच्या पुढ्यात ठेवलेला असतो. "हे कलेक्टरचं झालं. कोर्टाचं कुठाय?" दचकू नका. कायदा बदलल्याचं परिपत्रक बहुधा कपाटावरच्या गठ्ठ्यात आहे. बाल न्याय कायद्याच्या २०२१च्या दुरुस्तीची प्रत स्वतःच न्या, नेमकी ओळ पिवळी करून. नात्यातलं मूल १९५६च्या हिंदू दत्तक कायद्याखाली घेतलं असेल, तर नोंदणीकृत दत्तकपत्र दाखवा. उलट सिद्ध होईपर्यंत असं दत्तक वैध धरा, असं त्यातलं कलम १६ खुद्द न्यायालयाला सांगतं. न्यायालय ते ऐकतं. टेबल नंबर चारचं सांगता येत नाही.

प्रतिज्ञापत्र मागितलं, तर बाहेरचा टपरीवाला तत्परतेने स्टँपपेपर काढील. सरकारी कचेरीत द्यायच्या प्रतिज्ञापत्राला महाराष्ट्रात २००४पासून मुद्रांक शुल्क माफ आहे. हे त्याला सांगून उपयोग नाही. त्याला ते तुमच्याआधीपासून ठाऊक आहे.

एकटीने दत्तक घेतलं असेल, तर वडिलांचा रकाना रिकामा राहू द्या. "निदान तुमच्या वडिलांचं नाव टाकू का मॅडम?" ही सूचना सद्भावनेतून येते. ती हसून परतवावी.

रजिस्टरमधली जुनी नोंद कुणी खोडत नाही. १९६९च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याचं कलम १५ सांगतं की दुरुस्ती समासात लिहायची, निबंधकाने खाली सही करून तारीख घालायची, मूळ ओळ आहे तशी ठेवायची. या एका बाबतीत मला सरकारी पद्धत मनापासून आवडते. दाखल्यावर मात्र आईवडील म्हणून सरळ तुमची नावं हवीत. शेऱ्याचा रकाना डोळ्यांत तेल घालून पाहा. एखादा उत्साही कारकून तिथे 'दत्तक' असं टंकून मोकळा होतो. हा कागद शाळेत, पासपोर्टला, मतदारयादीला, लग्नाच्या नोंदणीला फिरणार. १ ऑक्टोबर २०२३पासून जन्मलेल्यांना तर जन्मतारखेचा पुरावा म्हणून कायद्याने हाच दाखला लावलेला आहे. प्रत्येक टेबलावर तो शेरा कुणीतरी वाचणार आणि मान वर करून बाळाकडे बघणार.

म्हणून दाखला घडी न घालता, खिडकी न सोडता, तिथेच वाचा. नावं तुमची? बरोबर. तारीख आदेशातलीच? बरोबर. शेरा कोरा? उत्तम. बाळाचं नाव 'शर्वरी'ऐवजी 'शवरी'? पुन्हा अभिनंदन. ही त्यांच्या ओळखीची चूक आहे आणि हिचा छापील अर्जसुद्धा आहे. मिळेल जेवणाच्या सुट्टीनंतर, झेरॉक्सच्या दुकानात.