डेल्टाकाका

छापखान्यातली डेल्टाकाकांची खोली विचारावी लागत नाही. भिंती राखाडी, छत राखाडी, काकांचा शर्टही राखाडी. "रंगीत शर्टाची झाक मॉनिटरवर पडते," हे कारण ते लग्नाच्या पंगतीतही देतात.

टेबलावर जुना मॅक. २०११ साली ॲपलने 'लायन' आणताना रोझेटा काढून टाकलं, म्हणजे पॉवरपीसीच्या काळातले प्रोग्रॅम नव्या मॅकवर चालेनासे झाले. तेव्हापासून या मॅकला काकांनी अपडेटचा वारा लागू दिलेला नाही. कारण आत त्याच काळातला, छपाईच्या रंगांचं प्रोफाइल बनवणारा ग्रेटॅगमॅकबेथचा प्रोफाइलमेकर आहे. ती कंपनी २००६ सालीच एक्स-राइटने घेतली, पण काका तिला अजून माहेरच्या नावानेच हाक मारतात. सॉफ्टवेअर डोंगल लावल्याशिवाय काम करत नाही. ते डोंगल काकूंच्या पाटल्यांशेजारी बँकेच्या लॉकरमध्ये ठेवावं का, यावर घरात एकदा गंभीर चर्चा झालेली आहे.

काम मात्र चोख. शेकडो रंगचौकटींचा तक्ता छापायचा, नीट वाळू द्यायचा, मग एकेका ओळीवरून मोजणीयंत्र सरकवायचं. तेव्हा कुठे प्रिंटरची खोड कळते आणि तिचं प्रोफाइल बनतं. कागद बदलला, पुन्हा तक्ता. शाई बदलली, पुन्हा तक्ता. हवा रंग आणि छापलेला रंग यांतला फरक म्हणजे डेल्टा-ई. तो एकच्या आसपास असला तर डोळ्याला जेमतेम कळतो. काकांना कळतो. सुनेच्या आमटीतही कळतो: "कालच्यापेक्षा दोनने लाल आहे." (सून आता आमटी स्टीलच्या डब्यातच वाढते म्हणे.)

मशीनमनशी त्यांचं जन्माचं वैर. तो कागद खिडकीशी धरतो आणि अंदाजाने मॅजेंटा चढवतो. काका आतून ओरडतात, "पाच हजार केल्विनच्या दिव्याखाली बघ रे!" खरं सांगायचं तर मशीनमनचा अंदाज बऱ्याचदा बरोबर असतो. हे काकांना माहीत आहे, म्हणूनच ते ओरडतात.

परवा एक भावी नगरसेवक वाढदिवसाचं पत्रक घेऊन आले.

"काका, भगवा अजून भगवा पाहिजे."

"साहेब, एवढा झळझळीत भगवा चार शायांत बसत नाही."

"मोबाइलवर तर बसलाय!"

काकांनी मोबाइल हातात घेतला, चष्मा वर केला. "हा कॅलिब्रेट कधी केला होता?"

"कालच," साहेब म्हणाले, "नवीन काच बसवून घेतली."