अवेळ ठाण्याचा मास्तर

कोथरूडमधल्या एका दुसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये, जेवणाच्या टेबलावर, दर शनिवारी संध्याकाळी सातला एक संशोधन-ठाणं उघडतं. ठाण्याचं नाव ‘अवेळ’. तिथला काळ नासलेला आहे. घंटा आधी ऐकू येते, मग कुणीतरी ती वाजवायला उठतं. व्हरांड्यात उद्याच्या पावलांचे ठसे आजच ओले असतात. तळघरात पाच दारं, प्रत्येक दारापलीकडे वेगळा लोक. सात संशोधक नेमले होते. तिघे बेपत्ता आहेत आणि एक अजून रुजूच झालेला नाही, पण त्याची मेसची बाकी मात्र चार महिन्यांपासून थकली आहे.

हे सगळं एकाच माणसाच्या डोक्यातून निघालंय. त्याला आम्ही मास्तर म्हणतो.

मूळ पदनाम ‘डंजन मास्टर’. गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन या दोघा अमेरिकनांनी १९७४ साली ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ हा खेळ काढला. पहिल्या छपाईत प्रती हजारच. चार-पाच जणांनी एकेक पात्र घ्यायचं, मास्तरने जग सांगायचं, आणि काही धाडस करायचं झालं की वीस बाजूंचा फासा टाकायचा. खेळ अमेरिकेत जन्मला हे कबूल. पण मास्तर नावाची जात तिकडची, हे मला पटत नाही. अष्टविनायकाला निघायच्या आदल्या रात्री कुठल्या गणपतीपाशी किती मिनिटं थांबायचं हे कागदावर मांडणारा, आणि लग्नात याद्यांची यादी करणारा मामा आपल्याकडे घरोघरी होताच. त्याच्याकडे फक्त फासे नव्हते.

आमच्या मास्तरच्या फ्लॅटचं वीजबिल तारीख उलटल्याशिवाय भरलं जात नाही. गाडीचा विमा संपल्याचं त्याला चौकातल्या पोलिसाकडून कळलं. अवेळ ठाण्यावर मात्र एक मिनिट इकडचं तिकडे होत नाही. गायगॅक्सने १९७९च्या मास्तरांसाठीच्या पुस्तकात बजावून ठेवलंय की काळाची काटेकोर नोंद नसेल तर खेळाला अर्थ नाही, आणि तेही सगळं कॅपिटल अक्षरांत. मास्तरने ते गुरुमंत्रासारखं धरलंय. त्याच्याकडे लाल पुठ्ठ्याची लांबडी वही आहे. तिच्यात तीन रकाने: वरची वेळ, तळघरातली वेळ, दारापलीकडची वेळ. तिसऱ्या रकान्यात कधीकधी वजाचं चिन्ह असतं. माझ्या मशालीची अकरा मिनिटं उरली आहेत, हे तो मला पाणी विचारण्याआधी सांगतो.

आता गंमत बघा. सध्याच्या नियमांप्रमाणे लढाईचा एक फेरा म्हणजे सुमारे सहा सेकंद. या सहा सेकंदांत आमच्यातला एक जण पेन्सिल शोधतो, दुसरा आपल्याला कुठला मंत्र येतो ते वाचून काढतो, तिसऱ्याला ऑफिसचा फोन येतो, आणि चौथा ‘म्हणजे मी नक्की कुठे उभा आहे?’ असं विचारतो. चाळीस मिनिटं जातात. आषाढात धुक्यातल्या एका प्राण्याशी आमची झुंज जुंपली. मध्ये दोन शनिवार पाऊस, एक बारसं, एक ‘बायको नाही म्हणते’ असं करत ती मिटली गणपती विसर्जनानंतर. मास्तरने वहीत नोंद केली: बेचाळीस सेकंद. अकरा महिने आम्ही त्या ठाण्यावर आहोत आणि तिथे अजून मंगळवारच आहे. काळ नासल्याचं एवढं सज्जड प्रात्यक्षिक टेबलावर होत असताना त्याला तळघरात दारं का लागतात, कळत नाही.

हे सगळ्यांत आधी ओळखलं ते मास्तरच्या आईने. एकदा पोह्यांच्या ताटल्या ठेवता ठेवता त्या म्हणाल्या, ‘‘ककुद्मी राजाचं असंच झालं होतं रे.’’ राजा मुलीसाठी, रेवतीसाठी, वर विचारायला ब्रह्मलोकी गेला. तिथे गाणं चाललं होतं म्हणून जरा थांबला. गाणं संपल्यावर ब्रह्मदेव हसून म्हणाले, तुझ्या मनातली स्थळं तर गेलीच, त्यांची नातवंडं-पतवंडंही गेली. खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली. शेवटी रेवती बलरामाला दिली.

मास्तरने ताबडतोब कॅल्क्युलेटर काढला. ‘‘एक चतुर्युग त्रेचाळीस लाख वीस हजार वर्षांचं. म्हणजे अकरा कोटी सहासष्ट लाख चाळीस हजार! एका गाण्याला! आई, हे पाचव्या दाराला वापरतो.’’

छत्तीस वर्षांच्या मुलाकडे त्या माउलीने काही क्षण पाहिलं आणि लिंबाची फोड आणायला आत गेल्या. स्थळांचा मुद्दा वहीत कुठल्याच रकान्यात गेला नाही.

मास्तरला घाम फुटतो तो एकाच प्रसंगी. परवा तो चौथ्या दारामागच्या ग्रंथालयाची चाळीस पानं लिहून आला होता. तिथले ग्रंथ वाचकाला वाचतात, ग्रंथपाल अजून जन्मायचा आहे, असं बरंच काही. डोळ्यांत झोप नव्हती, पण तेज होतं. आम्ही पाच जणांनी बराच खल केला आणि एकमताने दुसरं दार निवडलं.

‘‘नक्की?’’ मास्तर म्हणाला.

‘‘नक्की.’’

‘‘चौथ्या दाराच्या फटीतून सोनेरी उजेड येतोय हं.’’

‘‘म्हणूनच नको. सापळा असणार.’’

मास्तर ‘आलोच’ म्हणून उठला. बाथरूमचा नळ पाच मिनिटं वाहत होता. परत आला तेव्हा चेहरा धुतलेला आणि शांत होता. दुसरं दार उघडल्याचं त्याने जाहीर केलं, वही सरळ केली, आणि सांगितलं, ‘‘या ठाण्यावर काळाबरोबर दिशाही सरकतात. तुम्ही एका ग्रंथालयात आला आहात.’’ चाळीसपैकी पहिलं पान त्याने खणखणीत आवाजात वाचायला घेतलं.

साडेबारा वाजले होते. आतून आईंनी विचारलं, ‘‘संपला का रे तुमचा मंगळवार?’’

मास्तरने मधल्या रकान्यावर बोट ठेवलं. ‘‘दहा मिनिटं आहेत अजून.’’

आईंनी कुकर लावला.