पर्जन्यगुरुजी

मेघांना आज्ञा करणारे विद्यालय केवळ कथाकादंबऱ्यांतच असावयाचे, अशी ज्यांची समजूत असेल त्यांनी एकदा वैशाखाच्या अखेरीस आदिलाबाद जिल्ह्याच्या उत्तर टोकास, म्हणजे बेला, जैनथ या पैनगंगेकाठच्या कापूसवाल्या मुलुखात, फेरफटका मारावा. तेथील कोणत्याही मराठी गावच्या पारावर असे एक विद्यालय त्यांस भरलेले आढळेल, आणि त्याचे कुलगुरू, परीक्षक व शिपाई या सर्व पदांचा कारभार एकच इसम बिनपगारी पाहत असल्याचेही ध्यानी येईल. या इसमास आम्ही पर्जन्यगुरुजी म्हणतो.

गुरुजींच्या चष्म्याची डावी दांडी गेल्यामुळे तेथे सुतळी आली आहे, आणि काखेतील पंचांगाचे पावसाच्या वाहनांचे तेवढे पान तंबाखूच्या बोटांनी इतके तपकिरी झाले आहे की बाकीचे पंचांग त्यापुढे कोरे भासावे. सूर्य ज्या नक्षत्री प्रवेश करील त्यापासून तत्कालीन चंद्रनक्षत्रापर्यंत मोजावे, आलेल्या संख्येस ९ ने भागावे, आणि बाकी १ उरल्यास त्या नक्षत्राच्या पावसाचे वाहन घोडा, २ उरल्यास कोल्हा, ३ उरल्यास बेडूक, असे करीत काहीच न उरल्यास हत्ती समजावा, हा विद्यालयाचा पहिला पाठ होय. शिल्लक शून्य असताना दारात हत्ती उभा करण्याचे हे गणित सावकाराखेरीज अन्य कोणास साधल्याचे आमच्या पाहण्यात नाही. बेडूक, म्हैस, हत्ती हे पाण्याचे धनी. कोल्हा आणि मेंढा हे कोरडे. आणि घोडा निघाल्यास पाऊस डोंगरावर पडतो, म्हणजे पडला असे म्हणावयास हरकत नसते आणि पाहावयास कोणी जात नाही. गुरुजींची घोड्यावर विशेष मर्जी आहे.

वरच्या वर्गात वराहमिहिर लागतो. त्याच्या बृहत्संहितेच्या मते मेघांस गर्भ राहतो आणि गर्भधारणेपासून १९५ दिवसांनी पर्जन्य प्रसवतो. तस्मात् गुरुजी मार्गशीर्षापासून ढगांच्या बाळंतपणाचे दफ्तर ठेवतात. एखादी तारीख कोरडी गेली तर मध्यंतरी उल्कापात वा भूकंप होऊन गर्भास बाधा झाली, असा शेरा ते त्याच दफ्तरात मारतात, आणि ही सवलत खुद्द ग्रंथानेच दिलेली असल्यामुळे त्यावर अपील चालत नाही. (आमच्या मते शास्त्र म्हणून ते कसेही असो, कायदा म्हणून फारच पक्के आहे.)

परंतु गुरुजींची खरी प्रतिभा दिसते ती हद्दीच्या प्रश्नात. त्यांनी वर्तविलेला पाऊस गावात न पडता नदीपलीकडे पांढरकवड्यास पडला, तर तो त्यांच्या खात्यावर बिनतक्रार जमा होतो, कारण नदीच्या दोन्ही काठांस नक्षत्र एकच असते. आणि किनवट वा राजुऱ्यास पडला तर मग विचारावयासच नको. हे दोन्ही तालुके १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत आदिलाबाद जिल्ह्यातून निघून मुंबई राज्यात गेले, ही बातमी गुरुजींस ठाऊक आहे. परंतु तो फेरफार सरकारने मेघमंडळास रीतसर कळविल्याचा दाखला अद्याप त्यांच्या नजरेस आलेला नाही, म्हणून त्यांचा अंमल निजामाच्या वेळच्या सरहद्दीपर्यंत कायम आहे. नक्षत्रांच्या बाबतीत मात्र गावातही एक हद्द आहे: तेलुगू शेजारी मृगशिरा कार्ते, म्हणजे मृग नक्षत्र, लागताच मासळी खातात. गुरुजी माळकरी असल्यामुळे त्या दिवशी वर्ग लांब, वारा येतो त्या बाजूस भरवितात.

वेधशाळेचा विषय निघाला की गुरुजींचा स्वर अनुकंपेने ओलावतो. डॉ. वसंतराव गोवारीकरांच्या पुढाकाराने १९८८ पासून सोळा घटकांच्या आधारे मोसमी पावसाचे भाकीत होऊ लागले आणि ते वर्षानुवर्षे बरे चालले; मात्र २००२ साली सर्वसाधारण पाऊस सांगितला असता जुलैत सरासरीच्या जेमतेम निम्मा पाऊस झाला, देशात दुष्काळ पडला आणि पुढे वेधशाळेने ते गणित बदलून टाकले. "बदललं, म्हणजे चुकलं हे कबूल केलं," गुरुजी म्हणतात. "आमचं नवानं भागणं कोणी बदललंय का?" यावर विद्यार्थीवर्ग माना डोलावतो, कारण आभाळाकडे पाहून पाहून त्या तशाही मोकळ्या करावयाच्याच असतात.

गतवर्षी मृगाचे वाहन म्हैस निघाले, गुरुजींनी पाराच्या कट्ट्यावर खडूने म्हैस लिहिली, आणि विद्यालयातील एका उमद्या विद्यार्थ्याने त्या भरवशावर सर्व वावरात धूळपेरणी केली. मृग संपला, आर्द्राही अर्धी गेली. जे दोन शिंतोडे आले त्यांनी सरकी उगवण्यापुरती भिजली आणि नंतरच्या उन्हाने कोंब करपले. दुबार पेरणीचे बियाणे उधारीने आणून तो तसाच पारावर आला.

"गुरुजी, म्हैस कुठं हाय?"

"आली ना! पण भाकड निघाली, त्याला पंचांग काय करील?"

"आन् माह्या सरकीचे पैसे?"

गुरुजींनी चष्म्याची सुतळी कानामागे नीट केली, त्यास प्रेमाने जवळ बसविले, आणि पुनर्वसूचा पाऊस तरणा असतो, तो थकत नाही, हा पुढचा पाठ तेथल्या तेथे सुरू केला. पोरगा रागाने आला होता खरा, पण पाठ संपेपर्यंत वहीत लिहून घेत होता. त्याच सायंकाळी आम्ही गुरुजींच्या ओसरीवर चहास गेलो असता सरकीच्या पिशव्या भिंतीशी मोहोरबंद रचलेल्या दिसल्या. एकीचेही तोंड उघडलेले नव्हते. आमची नजर तिकडे गेल्याचे पाहून गुरुजींनी आवाज उतरविला.

"आमच्या वावराचं नक्षत्र जरा उशिरा लागतं," ते म्हणाले, आणि आत वळून त्यांनी आकाशवाणीवर हवामानाचा अंदाज झाला का, याची सुनेकडे चौकशी केली.