प्रोरोग अंकल

बेंगळुरूच्या बेळ्ळंदूरमध्ये मराठी माणूस दोनच वयांत आढळतो. एक तिशीतला, ज्याच्या गळ्यात कंपनीचं ओळखपत्र आणि कानात कुणाचा तरी कॉल असतो. दुसरा पासष्टीच्या पुढचा, जो ‘सध्या मुलाकडे’ असतो. मधल्या वयाचे बहुधा अजून आउटर रिंग रोडवर अडकलेले असावेत. ‘सध्या मुलाकडे’ हा वर्ग उद्यान एक्स्प्रेसने येतो आणि येताना मेतकूट, भाजणी, गोडा मसाला आणि आपापलं जुनं खातं घेऊन येतो. खातं म्हणजे बँकेतलं नव्हे, नोकरीतलं. विमा कंपनीतून निवृत्त झालेले काका आल्या महिन्यातच संकुलाच्या लिफ्टचा विमा उतरवलाय का ते विचारतात. पाटबंधारे खात्यातले काका तळघरातल्या पंपापाशी उभे राहून नुसती मान हलवतात. मुख्याध्यापिका असलेल्या काकू घसरगुंडीपाशी मुलांची रांग लावतात, उंचीप्रमाणे.

आमच्या बी टॉवरमधले काका विधिमंडळातून निवृत्त झालेत. आमदार म्हणून नव्हे, प्रतिवेदक म्हणून. सभागृहात बसून कोण काय बोललं ते लघुलिपीत टिपून घेणारा माणूस. नरिमन पॉइंटचं विधान भवन १९८१ साली उघडलं, त्यानंतर काही वर्षांनी काका तिथे चिकटले आणि अख्खी कारकीर्द दुसऱ्यांचं बोलणं लिहिण्यात गेली. मुंबईत पावसाळी, नागपुरात हिवाळी; नागपूरला सिव्हिल लाइन्समधल्या १६० गाळ्यांत मुक्काम, पहाटे हुडहुडी, संध्याकाळी हुरडा, आणि मधल्या वेळात हातात पेन्सिल, समोर आरडाओरडा. हातात पेन्सिल असली की माणसाला स्वतःचं मत परवडत नाही, असं काका म्हणतात. पेन्सिल खाली ठेवल्यापासून मात्र मतांची थकबाकी सव्याज वसूल चालली आहे.

या थकबाकीतलं सगळ्यात मोठं कलम म्हणजे एक इंग्रजी क्रियापद: प्रोरोग.

काकूंच्या कानावर ते पहिल्यांदा पडलं तेव्हा त्या म्हणाल्या होत्या म्हणे, ‘साखर आहे, रक्तदाब आहे, आता हा कुठला?’ तेव्हापासून घरात त्याला आजाराचाच दर्जा आहे. आणि तो संसर्गजन्य आहे, हे मी अनुभवाने सांगतो. लागण लिफ्टमध्ये होते. तेरावा मजला ते तळमजला एवढ्या प्रवासात काका संसदीय कार्यपद्धतीचा एक धडा पुरा करतात. सभागृह तहकूब करणं हे अध्यक्षांचं काम: पाच मिनिटं, अर्धा तास, उद्या सकाळी अकरापर्यंत. विधानसभा विसर्जित झाली की खेळ खलास, आमदार माजी, दारात निवडणूक. या दोहोंच्या मधोमध प्रोरोग. अधिवेशन संपलं, पण सभागृह जिवंत. तेही अध्यक्षांच्या तोंडून नव्हे, राज्यपालांच्या आदेशाने, अनुच्छेद १७४. संविधानाच्या मराठी प्रतीत याला ‘सत्रसमाप्ती’ म्हटलंय आणि वर्तमानपत्रांत ‘अधिवेशन संस्थगित’ असं येतं. ऐकणारा सातव्या मजल्यावर उतरला तर धडा तहकूब. तळमजल्यापर्यंत टिकला तर संस्थगित, पुढचं सत्र परतीच्या लिफ्टमध्ये. आणि जो दुसऱ्या दिवसापासून जिन्याने जायला लागला, तो विसर्जित.

उदाहरणं काका स्थानिक देतात, त्यामुळे ती पटतात. रिंग रोडवरची वाहतूक रोज संध्याकाळी तहकूब होते. २०२२च्या सप्टेंबरात पावसाने तळी, रस्ते आणि तळघरं एक झाली, लोक ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बसून ऑफिसला गेले, तेव्हा ती संस्थगित होती. रस्ता होता, सत्र नव्हतं. ‘मग विसर्जित काय, काका?’ असं मी एकदा विचारलं. काकांनी बाल्कनीतून तलावाच्या दिशेने बोट दाखवलं. बेंगळुरूतला हा सगळ्यात मोठा तलाव. शहराचं सांडपाणी पीत पीत त्याच्या तोंडाला असा फेस आला की वाऱ्यावर उडून तो यमलूरच्या रस्त्यावर गाड्यांच्या काचांवर बसायचा. २०१५ साली आणि पुन्हा २०१७ साली तर तलाव पेटला. पाण्याला आग लागल्यास कोणी काय करावं याबद्दल संविधानात तरतूद नाही, एवढंच काका खेदाने म्हणाले.

या क्रियापदावर माणसाने एवढं का भाळावं, हा प्रश्न मलाही पडला होता. पण काकांची बाजू ऐकली तर ती अगदीच टाकाऊ नाही. एक तर त्याचं कुळ. लॅटिनमधल्या मूळ शब्दाचा अर्थ लांबवणे, मुदत वाढवणे. इसवी सनापूर्वी ३२६च्या सुमारास रोमचा एक सेनापती नेपल्सला वेढा घालून बसला होता. वेढा संपेना आणि त्याचं पद तर संपत आलेलं. तेव्हा रोमने त्याचा अधिकार लांबवला, तो या शब्दाने. म्हणजे ज्या क्रियापदाने एका माणसाचं काम वाढवलं, त्याच क्रियापदाने पुढे इंग्लंडचे राजे पार्लमेंटला घरी पाठवू लागले. लांबवता लांबवता ते थांबवणं झालं. सरकारी नोकरीत आयुष्य काढलेल्या माणसाला यात नवल वाटत नाही. फाइल पुढे पाठवली म्हणजेच ती थांबवली, हे त्याने रोज पाहिलेलं असतं.

दुसरी गोष्ट, या क्रियापदाला कर्ता फार मोजका. खाणे, पिणे, झोपणे ही क्रियापदं कुणीही उचलावीत आणि वापरावीत. पण ‘मी प्रोरोग करतो’ हे वाक्य प्रथमपुरुषी एकवचनी, खरंखुरं उच्चारण्याचा अधिकार या देशात राष्ट्रपती, राज्यपाल आणि विधानसभा असलेल्या केंद्रशासित प्रदेशांचे नायब राज्यपाल यांनाच. धरून चाला तीस-बत्तीस माणसं. उरलेला एक बी टॉवरमध्ये राहतो.

काकांच्या आयुष्यातला सोन्याचा महिना म्हणजे सप्टेंबर २०१९. ब्रिटनचे पंतप्रधान बोरिस जॉन्सन यांनी राणीला सल्ला देऊन पार्लमेंट पाच आठवडे प्रोरोग करवलं आणि ज्या शब्दाला उभ्या जन्मात कुणी विचारलं नव्हतं तो सगळ्या वाहिन्यांवर झळकू लागला. सून स्वतः येऊन म्हणाली, ‘बाबा, तुमचा शब्द लागलाय.’ काका शर्ट घालून टीव्हीसमोर बसले. पण २४ तारखेला तिथल्या सर्वोच्च न्यायालयाच्या अकराच्या अकरा न्यायमूर्तींनी एकमताने सांगितलं, की हे प्रोरोग करणं बेकायदा, म्हणून मुळात झालंच नाही. काकांना निकाल मान्य होता. तरी क्रियापदाचा एवढा सत्कार होऊन शेवटी ‘झालंच नाही’ म्हणावं, हे त्यांना लागलं. काकूंनी निकाल वाचणाऱ्या लेडी हेल यांच्या खांद्यावरचा कोळ्याच्या आकाराचा मोठा ब्रूच तेवढा पाहिला. ‘असला दागिना घालून बसल्यावर समोरच्याची काय बिशाद,’ असं त्यांचं त्या खटल्यावरचं भाष्य आहे, आणि मी वाचलेल्या कायदेशीर विश्लेषणांपेक्षा ते मला जास्त पटतं.

आता सर्वसाधारण सभेकडे वळतो, कारण काका प्रसिद्धीला आले ते तिथे.

मुळात इथे आल्यावर काकांना पहिला धक्का बसला तो आमची इमारत ‘सोसायटी’ नाही हे कळल्यावर. महाराष्ट्रात सहकारी गृहनिर्माण संस्था असते, १९६०चा कायदा असतो, उपविधी असतात, उपनिबंधक असतो आणि त्याच्याकडे तक्रार करायची सोय असते. इथे १९७२चा कर्नाटकाचा अपार्टमेंट मालकी कायदा आणि त्याखाली मालकांचा संघ. तक्रार नेमकी कुणाकडे करायची याचा थांग लागेना, तेव्हा काका काही दिवस नीट जेवत नव्हते. दुसरा धक्का सभेचाच. आमच्या सभेला आयटीतली मंडळी येतात आणि ती सगळे प्रश्न ‘पार्क’ करतात. गळती पार्क, कुत्री पार्क, जनरेटरचं डिझेल पार्क. ज्या बेळ्ळंदूरमध्ये गाडी पार्क करायला जागा नाही तिथे एवढे विषय पार्क होतात कुठे, हा काकांचा बिनतोड सवाल आहे.

त्या वर्षी वाद पेटला टँकरवरून. बेळ्ळंदूर हे २००७ साली महापालिकेत आलेल्या ११० गावांपैकी एक. महापालिका आली, कर आला, कावेरीचं पाणी मात्र बरीच वर्षं वाटेतच होतं, त्यामुळे टँकर हा इथला मुख्य जलस्रोत होता. बिल सगळ्यांनी सारखं भरायचं की खोल्यांच्या हिशोबाने, यावर ए टॉवर आणि सी टॉवर समोरासमोर आले. कुणी तारस्वरात स्प्रेडशीट वाचू लागलं. कुणी सभात्याग केला आणि समोसे यायचे आहेत हे कळल्यावर परत आला. एकाने अध्यक्षांच्या हातातला माइक हिसकावला. काकांच्या डोळ्यांत पाणी तरळलं. त्यांनी आपल्या हयातीत राजदंड पळवलेला पाहिला होता. त्यांना घरी आल्यासारखं वाटलं. आणि मग जन्मभर खाली मान घालून लिहिणारा हा माणूस उभा राहिला आणि खणखणीत आवाजात म्हणाला, ‘सर, आय प्रपोज दॅट धिस मीटिंग बी प्रोरोग्ड!’

सभा चिडीचूप झाली. तिला कार्यपद्धतीचं भान आलं असं कुणी समजू नये. सगळ्यांनी एकदम मोबाइल काढून अर्थ शोधायला घेतला होता. सी टॉवरमधल्या एका पोराने विचारलं, ‘अंकल, इज इट लाइक स्नूझ?’ दुसऱ्याने पॉझमध्ये आणि यात काय फरक, हे विचारलं. काकांनी अनुच्छेद सांगितला, रोमचा वेढा सांगितला, समोसे आले, आणि भांडण कुठल्या वाक्यावर थांबलं होतं ते कुणाच्याच लक्षात राहिलं नाही. इतिवृत्तात नोंद झाली: मीटिंग प्रोरोग्ड ॲट सेव्हन फॉर्टी.

तेव्हापासून क्रियापद सुटलं ते सुटलंच. संकुलाच्या ॲपवर सूचना येते, ‘स्विमिंग पूल प्रोरोग्ड टिल संडे’. चौकीवरचा माणूस सांगतो, ‘लिफ्ट प्रोरोग आगिदे, सर.’ जिममधली बंद पडलेली सायकलसुद्धा प्रोरोग्ड असते. मुलांना हे एखाद्या खेळातल्या खलनायकाचं नाव वाटतं. प्रो म्हणजे पट्टीचा आणि रोग म्हणजे लुच्चा हे त्यांना ठाऊक असतं, म्हणून ती काकांकडे भीतियुक्त आदराने पाहतात आणि त्यांना ‘प्रोरोग अंकल’ म्हणतात. काकांची अवस्था मोठी अवघड. शब्द रुजला याचा आनंद, आणि चुकीचा रुजला याचा मनस्ताप. ‘लिफ्ट तहकूब होते हो, संस्थगित कशी होईल? लिफ्टला सत्र असतं का?’ असं ते चौकीवर पोटतिडकीने समजावतात. तो बिचारा ‘हौदु, सर’ म्हणतो आणि पाटी तशीच ठेवतो.

पुढच्या सभेत टँकरचा विषय जसाच्या तसा परत आला. ए टॉवरचं म्हणणं, सभा प्रोरोग झाली तेव्हा प्रस्तावही मेला. काका यासाठी जणू वर्षभर दबा धरून बसले होते. ब्रिटनमध्ये प्रोरोग झालं की राहिलेली विधेयकं सहसा बाद होतात, आपल्याकडे होत नाहीत. अनुच्छेद १९६, खंड तीन. म्हणजे भांडण कायदेशीररीत्या जिवंत. ए टॉवरने कपाळाला हात लावला. काकांना वादात कुणाची बाजू नसते, फक्त वादाची तब्येत सांभाळायची असते.

घरात मात्र या शब्दाचं काही चालत नाही. डोंबिवलीची जागा विकायची की ठेवायची, हा विषय मुलाने काढला की काका ‘सत्रसमाप्ती’ म्हणून उठतात. पण काकू ‘बसा, ताट वाढलंय’ म्हणाल्या की सत्र पुन्हा सुरू. सीमाप्रश्नावर ते अवाक्षर काढत नाहीत. कर्नाटकाचंही एक नागपूर आहे आणि ते नेमकं बेळगाव आहे, तिथे २०१२ पासून सुवर्ण विधानसौध आहे, हे त्यांना कळलं तेव्हा त्यांचा चेहरा पाहण्यासारखा झाला होता. पण सूनबाई धारवाडच्या आहेत आणि चहा छान करतात.

हल्ली काका वेगळ्याच चिंतेत आहेत. त्यांच्या लक्षात आलंय की आमच्या सगळ्याच सभा अवैध आहेत, कारण प्रोरोग करायला राज्यपाल लागतो आणि संकुलाला राज्यपाल नाही. मी म्हटलं, ‘बिल्डर आहे की. आपण निवडलेला नाही, सहसा दिसत नाही आणि सही केल्याशिवाय काही हलत नाही.’ विनोद म्हणून म्हटलं होतं. काकांनी ते गांभीर्याने घेतलं. तशीही जमिनीची कागदपत्रं बिल्डरने अजून संघाच्या नावे केलेली नाहीत, तेव्हा सार्वभौम सत्ता त्याच्याकडेच आहे, हा त्यांचा युक्तिवाद. त्यांनी सुवाच्य अक्षरात दोन पानी अर्ज लिहिला, मागील सभा पूर्वलक्षी प्रभावाने प्रोरोग कराव्यात आणि पुढील सभेस आवाहन करावे, अशी विनंती केली आणि मुलाकडून स्कॅन करून पाठवला. चार दिवसांनी उत्तर आलं, यंत्राने धाडलेलं: ‘युवर टिकट हॅज बीन क्लोज्ड.’

काल लिफ्टमध्ये त्यांनी मला तो मेल दाखवला. चष्मा कपाळावर चढवून म्हणाले, ‘क्लोज्ड म्हणतोय. पण तहकूब, संस्थगित की विसर्जित, ते काही लिहिलेलं नाही. तुम्ही आयटीतले ना? मग सांगा.’

मी सातव्या मजल्यावर उतरलो.