पोटचा गोळा आणि कलम २४९

भोपाळचं शिवाजी नगर म्हणजे सरकारी क्वार्टरांची वस्ती. कायदा हा इथल्या निम्म्या घरांचा रोजगार. ६ नंबर स्टॉपच्या चहाच्या टपरीवर परवा निवृत्तीला टेकलेल्या एका काकांनी निकाल दिला, "कायदा आपल्या जागी, पण पोटचा गोळा तो पोटचा गोळा!" तो सोळा वर्षांचा गोळा त्याच वेळी सव्वाशे सीसीच्या स्कूटरवर, मागे दोन दोस्त घेऊन, बोर्ड ऑफिस चौकाचा सिग्नल तोडत होता. मोटार वाहन कायद्याच्या कलम १९९अ नुसार अशा वेळी पालकाला तीन वर्षांपर्यंत कैद आणि २५,००० रुपये दंड. काकांना कलम तोंडपाठ. "बघू, आरटीओत आपला माणूस आहे."

अशा वेळी आम्हाला अहिल्याबाई आठवतात. इंदूरच्या आडा बाजाराची दंतकथा: मालेरावाच्या रथाखाली वासरू मेलं, तेव्हा आईच त्याला चिरडायला रथावर चढली, आणि गाय आडवी आली म्हणून पोरगा वाचला. इतिहासात ही गोष्ट बसत नाही, ३१ मेच्या जयंतीच्या भाषणात मात्र फक्कड बसते. आता गाय नाही, वकील आडवा येतो.

पुण्यात १९ मे २०२४ च्या पहाटे कल्याणी नगरात सतरा वर्षांच्या मुलाच्या पोर्शेनं दोन तरुण इंजिनिअर उडवले. दोघंही आमच्याच मध्य प्रदेशातले, एक जबलपूरची, एक उमरिया जिल्ह्यातला. गाडी कोटींच्या घरातली, नोंदणी अडली होती १,७५८ रुपयांच्या शुल्कापायी. जामिनाच्या अटींत ३०० शब्दांचा निबंध! (या सदराहून जेमतेम थोडा मोठा.) पुढे पोलिसांचा आरोप असा की ससून रुग्णालयात मुलाच्या रक्ताच्या जागी आईचं रक्त गेलं, आणि गुन्हा अंगावर घ्यायला ड्रायव्हरला डांबून ठेवलं. खटल्याचं जे व्हायचं ते होईल. पण घराणं किती झटपट एकवटलं! धर्मसंकट वगैरे पडायलाही थोडी फुरसत लागते.

काकांना मी भारतीय न्याय संहितेचं कलम २४९ सांगितलं. गुन्हेगाराला आसरा देणं हा गुन्हा, सूट फक्त नवऱ्याला किंवा बायकोला. आईबापांना नाही.

काका हादरले. चहा निवला.

"म्हणजे पोराचं लग्न उरकायला हवं," ते म्हणाले. "एकवीस पुरी होईपर्यंत थांबावंच लागतं का, जरा वकिलाला विचारतो."